पंक्तीतला भेद : करिंथ आणि कल्याण

पौलाने करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राचा अकरावा अध्याय आपल्याकडे बहुधा केवळ भक्तिभावाने वाचला जातो. गेर्ड टाइसेन या जर्मन अभ्यासकाने १९७४ साली तो समाजशास्त्राच्या अंगाने वाचला आणि प्रभुभोजनाआडचे भांडण उघडे केले. सुस्थितीतले आधी जेवत, काही नसलेले उपाशी राहत. पुढे १९९२ मध्ये पुण्याचे जेझुइट बायबल-अभ्यासक जॉर्ज सोरेस-प्रभू यांनी येशूच्या पंक्तीचा संबंध दलित ख्रिस्ती माणसाशी जोडला. पंक्तिप्रपंच म्हणजे काय, हे बिदर-कलबुर्गीच्या वाचकाला समजावून सांगावे लागत नाही.

टाइसेनचे खरे बळ मात्र पुढेच आहे. पौल सांगतो काय? भूक असेल तर घरी जेवा. म्हणजे मंडळीत समता, घरी जैसे थे! ही तडजोड टाइसेन झाकत नाही. अशा वाचनाने श्रद्धा बाटते म्हणणाऱ्यांनी आपले बसवकल्याण आठवावे. बाराव्या शतकात तिथे चर्मकार हरळय्याचा मुलगा आणि ब्राह्मण मधुवरसाची मुलगी यांचे लग्न झाले, असे शरण-परंपरा सांगते. गोष्ट रोटीवरून बेटीवर गेली आणि कल्याण पेटले. करिंथ का पेटले नाही, हे नुसत्या धर्मशास्त्राने उलगडत नाही.