बी-एस-एच, मुक्काम जयपूर

कोपेनच्या हवामान-नकाशाची आजची रंगीत आवृत्ती समोर पसरावी आणि जयपूरवर बोट ठेवावं. बोटाखाली गडद केशरी-पिवळा रंग येतो. कोपऱ्यातल्या सूचीत त्या रंगासमोर तीन अक्षरं असतात : बी, एस, एच. बी म्हणजे कोरडं हवामान. एच हे ‘उष्ण’ या अर्थाच्या जर्मन शब्दाचं आद्याक्षर. आणि मधला एस? तो स्टेपचा. युक्रेनपासून मंगोलियापर्यंत पसरलेल्या त्या अफाट गवताळ मैदानाचा. अरवलीच्या पायथ्याचं हे गुलाबी शहर नकाशाच्या हिशेबात स्टेपच्या खात्यावर जमा आहे.

शाळेत आपण हा विषय ‘जोड्या लावा’मध्ये संपवला. युरेशियात स्टेप, उत्तर अमेरिकेत प्रेअरी, दक्षिण अमेरिकेत पंपास, आफ्रिकेत व्हेल्ड, ऑस्ट्रेलियात डाऊन्स. पाचाला पाच गुण. त्या धड्यातल्या नकाशात हे प्रदेश हिरव्या ठिपक्यांनी भरलेले असत आणि भारतात ठिपका नसे. त्यामुळे जयपूरच्या वाट्याला आलेला हा एस पहिल्यांदा पाहणाऱ्याला छापखान्याची चूक वाटली तर नवल नाही. ती चूक नाही. तो एस तिथे कसा पोचला याचा माग काढायला लागलं, की हा नकाशा वाचनीय होतो.

आधी नकाशात काय नाही ते पाहू. यात डोंगर नाहीत, रस्ते नाहीत, आणि ज्याच्यासाठी आपण आलो ते गवतही नाही. आहेत फक्त बारा महिन्यांचं तापमान आणि बारा महिन्यांचा पाऊस, आणि त्यांच्या जमाखर्चातून निघालेले रंग. पण हा जमाखर्च लिहिणारा माणूस मुळात वनस्पतींचा अभ्यासक होता. व्लादिमिर कोपेन १८४६ साली सेंट पीटर्सबर्गला जन्मला. त्याचं शालेय शिक्षण झालं क्रिमियात. क्रिमिया ते पीटर्सबर्ग हा प्रवास त्याला पुन्हा पुन्हा घडला. दक्षिणेचा समुद्रकिनारा, मग कित्येक दिवस न संपणारं गवत, मग बर्च-पाइनची जंगलं. खिडकीबाहेर झाडोरा बदलतो तो नेमका कुठे आणि का, हा प्रश्न त्याला त्या वाटेवर पडला, असं त्याचे चरित्रकार सांगतात. पुढे लाइपझिगला त्याने उष्णतेचा वनस्पतींच्या वाढीवर होणारा परिणाम हाच प्रबंधाचा विषय घेतला. १९००च्या सुमारास त्याने जगाच्या हवामानाचं वर्गीकरण मांडलं, आणि रुडॉल्फ गायगरबरोबर केलेला भिंतीवर टांगायचा मोठा नकाशा १९२८ साली आला. थोडक्यात, गवत नकाशात दिसत नसलं तरी नकाशा काढणाऱ्याच्या डोळ्यांसमोर ते होतं.

मला या नकाशातली सर्वांत देखणी गोष्ट रंग वाटत नाही, त्यामागचं सूत्र वाटतं. कोरडं कुणाला म्हणायचं? पाऊस कमी पडतो त्या जागेला, असं आपण पटकन म्हणू. कोपेन विचारतो, कमी म्हणजे कशाच्या मानाने? गावाचं वर्षाचं सरासरी तापमान घ्या, त्याची दुप्पट करा. पाऊस मुख्यतः उन्हाळी सहामाहीत पडत असेल तर त्यात २८ मिळवा, वर्षभर विखुरलेला असेल तर १४, हिवाळी असेल तर काहीच नको. आलेला आकडा म्हणजे त्या गावाला लागणारा सेंटीमीटरमधला पाऊस. त्याहून कमी पडला तर गाव कोरडं. निम्म्याहूनही कमी पडला तर वाळवंट. या दोहोंच्या मधली पट्टी म्हणजे स्टेप.

जयपूरचं गणित करून पाहू. सरासरी तापमान साधारण साडेपंचवीस अंश, दुप्पट ५१. पाऊस मोसमी, म्हणून अधिक २८. झाले ७९. जयपूरला पाऊस पडतो साठ सेंटीमीटरच्या आसपास. ७९ला पुरत नाही, पण निम्म्याच्या बराच वर आहे. म्हणजे एस. सरासरी तापमान १८ अंशांच्या वर, म्हणून पुढे एच. हिशेब चोख.

आता तेच गणित अस्तानाचं. कझाकस्तानची ही राजधानी खऱ्याखुऱ्या स्टेपवर वसलेली आहे. शहराबाहेर पडलं की क्षितिजापर्यंत सपाटी. तिथलं सरासरी तापमान जेमतेम साडेतीन-चार अंश. दुप्पट सात-आठ, पाऊस-बर्फ वर्षभर विखुरलेलं म्हणून अधिक १४. बेरीज होते २१-२२. पडतं सुमारे ३२. म्हणजे अस्तानाला गरजेपेक्षा जास्त पाणी मिळतं! नकाशा तिला कोरड्यांच्या यादीतून काढतो आणि डी गटात, निळ्या रंगात टाकतो. साठ सेंटीमीटर पाऊस पिऊन जयपूर तहानलेलं, बत्तीसवर अस्ताना तृप्त. स्टेपवरचं शहर स्टेपबाहेर आणि अरवलीतलं शहर स्टेपमध्ये.

हा विनोद वाटतो, पण त्यात भूगोल ठासून भरला आहे. अस्तानाला थंडीत पडलेलं बर्फ महिनोन्‌महिने जागचं हलत नाही. वसंतात वितळतं आणि जमिनीत मुरतं. कमी तापमानात त्याची वाफही कमी होते. जयपूरला बहुतेक पाणी जुलै-ऑगस्टात कोसळतं आणि पुढच्या उन्हात उडून जातं. ‘दुप्पट’ हा जो गुणाकार आहे, तो सूर्याचा वाटा आहे.

त्या सूर्याचा वाटा जयपुरात दगडाचुन्यात बांधलेला पाहायला मिळतो. सवाई जयसिंगांच्या जंतरमंतरमधल्या सम्राट यंत्राची तिरपी भिंत सुमारे २७ मीटर उंच चढते, आणि तिचा चढ जमिनीशी सत्तावीस अंशांचा आहे, कारण जयपूरचा अक्षांश तेवढा आहे. भिंतीची धार पृथ्वीच्या आसाला समांतर हवी, म्हणून. हेच यंत्र अस्तानाला बांधायचं तर भिंत एक्कावन्न अंशांनी उभी करावी लागेल. पायऱ्या चढताना छातीचा भाता होईल. एकवीस जूनच्या दुपारी जयपूरचा सूर्य साडेशहाऐंशी अंशांवर, जवळजवळ टाळूवर असतो, अस्तानाचा बासष्टवर. डिसेंबरात जयपूरला तो चाळीस अंशांपर्यंत तरी येतो, अस्तानाला पंधराच्या आसपास रेंगाळतो. कोपेनच्या सूचीतला एच कळायला याहून चांगली टीप मला कुठल्या ॲटलासात सापडलेली नाही. कोपेनकडे तापमापकांच्या नोंदी होत्या, जयसिंगांकडे सावली. उन्हाच्या तिरपेपणाचा हिशेब दोघांच्याही कामात आहे.

पण रसग्रहण म्हणजे नुसतं कौतुक नव्हे. कोपेनच्या मांडणीत ए, सी आणि डी हे झाडांना मानवणाऱ्या हवामानांचे गट. डी तर बर्फाळ वनांचा. आता ‘जोड्या लावा’तली पाच नावं या नकाशावर शोधा. उत्तर स्टेपचा मोठा हिस्सा डीमध्ये. अमेरिकेत आयोवाची उंच गवताची प्रेअरीही डीमध्ये. पूर्वेकडचा दमट पंपास चक्क शांघायच्या रंगात. म्हणजे जिथे गवत सर्वांत उंच वाढलं, तिथे नकाशा म्हणतो की इथे झाडं यायला हरकत नव्हती. मग ती का आली नाहीत? वणवे, चरणारे कळप, उन्हाळ्याच्या अखेरीची पाणीटंचाई, आणि गवताच्याच मुळांनी घट्ट विणलेली जमीन. यातलं काहीही तापमापकात मावत नाही. ते मातीत मावतं. वासिली दोकुचायेव यांनी रशियाच्या काळ्या मातीवर १८८३ साली ग्रंथ लिहिला तेव्हा त्यांनी मातीतल्या ह्युमसच्या प्रमाणाचे पट्टे नकाशावर आखले. गवताचा खरा नकाशा शोधायचा तर मी कोपेनआधी दोकुचायेवांकडे जाईन. हजारो वर्षं कुजलेल्या मुळांची ती वही आहे.

मैदानाचे नकाशे अशा गफलती करतात, आणि त्या गफलतींवर माणसं घरं बांधतात. स्टीफन लाँगच्या १८२० सालच्या मोहिमेनंतरच्या नकाशात रॉकी पर्वताच्या पूर्वेकडील मैदानावर ‘महान अमेरिकी वाळवंट’ असं छापलं गेलं. पुढे वसाहतीचा धडाका लागला तेव्हा तेच मैदान बागाईत म्हणून खपवलं जाऊ लागलं. १८७८ साली जॉन वेस्ली पॉवेलने वार्षिक वीस इंच पावसाची रेघ दाखवून बजावलं की तिच्या पश्चिमेला नुसत्या पावसावर शेती भरवशाची नाही. फारसं कुणी ऐकलं नाही.

आपल्याकडची गफलत वेगळी. नकाशातला जयपूरचा केशरी-पिवळा पट्टा दक्षिणेकडे पाहत गेलं तर सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत पुन्हा भेटतो : सोलापूर, मराठवाड्याचा काही भाग, उत्तर कर्नाटक. जयपूर आणि सोलापूर एकाच रंगात! हे नातं पक्ष्यांना कधीच कळलेलं आहे. माळढोक राजस्थानचा राज्यपक्षी, आणि त्याच्याचसाठी १९७९ साली सोलापूरजवळच्या नान्नजचं अभयारण्य झालं. कुरजां, म्हणजे आपला करकोचा, मध्य आशियाच्या आणि मंगोलियाच्या गवतात पिल्लं वाढवतो आणि हिवाळ्याला फलोदीजवळच्या खीचनला उतरतो. भोवत्या जातीचे शिकारी पक्षी कझाक मैदानातून निघून ताल छापरच्या आणि सोलापूरच्या माळांवर येतात. अठरा अंशांची कोपेनची रेघ ते दर वर्षी दोनदा ओलांडतात.

आणि सरकारी नकाशात हे गवत कुठे आहे? ग्रामीण विकास मंत्रालय आणि हैदराबादची दूरसंवेदन संस्था यांनी २००० सालापासून काढलेल्या पडीक जमिनींच्या ॲटलासमध्ये. झुडपी माळ आणि निकृष्ट चराऊ जमिनी हे त्यात पडीकचे प्रकार म्हणून नोंदले आहेत. संस्थानी काळात राजस्थानात चाऱ्यासाठी ‘बीड’ राखत; शेखावाटीतलं झुंझुनूचं बीड आज संवर्धन राखीव क्षेत्र आहे. म्हणजे दरबाराला गवताची किंमत ठाऊक होती. आमच्या धनगरांनाही आहे. पडीक हा शिक्का जिथे बसतो तिथे आधी झाडं लावायची योजना येते, मग सौर पॅनेलांची. कोपेनचा रंग निदान अपमान करत नाही.

या नकाशाची आणखी एक खुबी : तो कुणालाही तपासता येतो. मेलबर्नच्या पील, फिनलेसन आणि मॅकमहोन यांनी २००७ साली नव्या नोंदी घेऊन तो पुन्हा रंगवला, २०१८ साली बेक आणि सहकाऱ्यांनी एक किलोमीटरच्या बारकाईने. सूत्र तेच. पुण्याचं करून पाहा. सरासरी तापमान पंचवीसच्या जवळ, दुप्पट ५०, अधिक २८, म्हणजे ७८. शिवाजीनगरच्या वेधशाळेत पाऊस सत्तर ते ऐंशी सेंटीमीटरच्या दरम्यान. कुठल्या तीस वर्षांची सरासरी घ्याल त्यावर पुणं स्टेपमध्ये की स्टेपबाहेर हे ठरतं. पौडच्या बाजूला सरकलात तर बाहेर नक्की. सासवड-जेजुरीकडे गेलात तर आत.