केवळ प्रौढांसाठी

सेन्सॉर नावाच्या प्राण्याला पाण्याचे भारी वेड. नटीचे कपडे उतरवू देणार नाही. पण कपड्यांसकट तिला धबधब्याखाली उभी करा, त्याची काही तक्रार नसते.

याचा अस्सल नमुना फिलिपाइन्समध्ये सापडतो. तिकडे १९७० च्या सुमारास उघड्यावाघड्या चित्रपटांची लाट आली होती. त्यांना म्हणत 'बोंबा'. (आपल्याला शिमगा आठवतो, प्रकारही तोच.) सप्टेंबर १९७२ मध्ये मार्कोससाहेबांनी लष्करी कायदा पुकारला आणि बोंबा गप्प झाल्या. मग १९७४ च्या एका चित्रपटात १९६९ ची विश्वसुंदरी ग्लोरिया डियाझ पांढऱ्या ओल्या कपड्यांत अवतरली. अंगावर कपडा आहे, सबब गुन्हा नाही! या शैलीला 'वेट लुक' असे सोवळे नाव मिळाले. सोवळेही ओलेच असते म्हणा. पुढे मनिलाच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवाला पैसे कमी पडले, तेव्हा १९८३ साली इमेल्डाबाईंच्या त्या महोत्सवानेच कात्री न लागलेले चित्रपट दाखवून गल्ला भरला. लिनो ब्रोका हा झोपडपट्टीतली माणसे दाखवणारा दिग्दर्शक मात्र १९८५ मध्ये जीपनीवाल्यांच्या संपाला पाठिंबा दिला म्हणून गजाआड.

आपण हसायचे कारण नाही. १९७५ च्या आणीबाणीत आपण 'आँधी' उतरवला, 'किस्सा कुर्सी का'च्या प्रिंटी जाळल्या. दादा कोंडक्यांच्या 'गंगाराम वीसकलमी'चा नाव बदलून १९७७ मध्ये 'राम राम गंगाराम' झाला. म्हणजे दादांचे द्व्यर्थी विनोद सुटले आणि वीस कलमे अडकली! त्यांत दुसरा अर्थ सरकारला लगेच दिसला. १९७८ मध्ये 'सत्यम् शिवम् सुंदरम्' आला, आणि पाण्याच्या बाबतीत आपण फिलिपाइन्सच्या मागे नाही हे सिद्ध झाले.

हा सिद्धान्त मी आमच्या सौ.ना ऐकवला. त्या रोह्याच्या, कुंडलिकेचे पाणी प्यालेल्या. भीडभाड माहेरीच ठेवून पेणला आल्या.

"भिजलेली बाई म्हणे! अहो, मी गेली दोन वर्षं पंख्याखाली घामाने भिजतेय. माझ्यावर काढला का कोणी पिक्चर?"

सौ. अठ्ठेचाळीस वर्षांच्या आहेत. डॉक्टरीणबाईंनी त्यांना पायऱ्या समजावल्या आहेत. आधी काही वर्षे पाळी मागेपुढे होते, वाफा येतात, झोप उडते, नवऱ्याचा आवाज सहन होत नाही (हे शेवटचे सौ.नी घातलेले असावे). मग सलग बारा महिने पाळी आली नाही की रजोनिवृत्ती. म्हणजे गोष्ट संपल्यावर वर्षाने सर्टिफिकेट. सेन्सॉरसुद्धा इतका वेळ लावत नाही. आणि त्यानंतरचे सगळे आयुष्य ही तिसरी पायरी. आपल्याकडे हे साधारण सेहेचाळीस-सत्तेचाळिसाव्या वर्षी होते, म्हणजे तिसरी पायरी चांगली पंचवीस-तीस वर्षांची. नाटकाचा हा तिसरा अंक लिहायला मात्र कोणी नाही.

माझ्या आईच्या वेळी तर कात्रीही लागत नसे. पेणच्या आमच्या जुन्या घरात आईला महिन्यातून तीन दिवस कावळा शिवे. एके वर्षी कावळ्याने आमच्याकडे यायचे सोडले. गणपतीचा नैवेद्य, पितृपक्ष, नवरात्र, आई सलग स्वयंपाकघरात दिसू लागली. जाहीर निवेदन एवढेच. ती मध्यरात्री उठून पडवीत पदराने वारा घेत का बसते, हे कोणी विचारले नाही. ते दृश्य पहिल्यापासूनच कापलेले होते.

म्हणून मला 'लिपस्टिक अंडर माय बुरखा' महत्त्वाचा वाटतो. २०१७ च्या जानेवारीत सेन्सॉरने तो 'लेडी ओरिएन्टेड' म्हणून नाकारला. अपील झाले, आणि जुलैमध्ये तो 'ए' प्रमाणपत्र घेऊन लागला. त्यातली पंचावन्न वर्षांची उषा चोरून शृंगारिक कादंबऱ्या वाचते. रत्ना पाठक शाह यांनी ती चोरी अशी रंगवली आहे, की प्रेक्षक दाराला कडी लावायला धावेल. पण शेवटी तिचे सामान रस्त्यावर येते, तेव्हा दिग्दर्शिकेने तिला जरा स्वस्तात सोडली असे मला वाटले. सौ.ची तक्रार वेगळी: "पंचावन्नाव्या वर्षी पोहायला शिकते, आणि एकदाही गुडघा धरून 'आई गं' म्हणत नाही?"

२०२३ मध्ये 'बाईपण भारी देवा'ला रोह्याहून माझ्या तिन्ही मेहुण्या गजरे माळून पनवेलला गेल्या. थिएटरात बायकाच बायका. पडद्यावरही सहा बहिणी, तिशी कधीच ओलांडलेल्या. मंगळागौरीच्या नाचाने सगळे प्रश्न सुटतात हे मला पटले नाही. पण तसे म्हणायला मला तिथे जागा नव्हती.

हल्ली सौ. स्वतःचाच चित्रपट मनात जुळवताहेत. मध्यरात्र. पंखा पाचावर. नवरा कुडकुडत गोधडी ओढतो, बायको ती लाथेने दूर करते. संवाद नाहीत.

"याला 'यू' मिळेल," मी म्हणालो.

"मुळीच नाही. 'केवळ प्रौढांसाठी'च हवं. इतकी वर्षं त्या पाटीखाली विशीतल्या पोरी भिजवल्या. प्रौढ बाई आता पहिल्यांदा येतेय. आणि तो पंखा दोनवर करताय ना, तो तसाच राहू द्या पाचावर."