पुलापलीकडचे राक्षस

‘ड्रॅगन क्वेस्ट’ जपानमध्ये मे १९८६ला आला. युजी होरी यांनी रचलेला हा खेळ ६४ किलोबाइटमध्ये बसवला होता. आज मोबाइलवरचा एक फोटोसुद्धा याच्या कितीतरी पट मोठा असतो. एवढ्याशा जागेत नव्या खेळाडूला शिकवायचं कसं?

होरींनी बरंचसं उत्तर नकाशात ठेवलं. खेळ राजाच्या दालनात सुरू होतो. दाराला कुलूप, किल्ली तिथल्याच पेटीत. पेटी, दार, जिना हे शिकल्याशिवाय बाहेर पडताच येत नाही. बाहेर आलं की पाण्यापलीकडे शेवटच्या शत्रूचा किल्ला दिसतो, पण तिथे पोचायला सगळं जग पालथं घालावं लागतं. आणि वाटेतला पूल ओलांडला की राक्षस जास्त तगडे. ना पाटी, ना भिंत. मार खाऊन परत आलात की कळतं, अजून वेळ आहे.

ही रचना मला फार आवडते. आणि तिथेच ती खटकतेही.

चंद्रपूरहून गडचिरोलीला जाताना वैनगंगेचा पूल लागतो. १९८२पर्यंत दोन्हीकडे एकच जिल्हा होता. तरी आजही सल्ला मिळतो, ‘पुलापलीकडे जरा सांभाळून हं!’ खेळातही तसंच. बोलणारी माणसं गावात. मैदानापेक्षा झाडीत हल्ले जास्त. जंगलात कुणी राहत नाही, तिथलं सोनं मारणाऱ्याचं. आता धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) आठवा. २००९मध्ये या गावाला सामूहिक वनहक्क मिळाला. तिथल्या जंगलाचा कारभार ग्रामसभा पाहते. अशा जंगलासाठी या नकाशात चौकोनच नाही.

कुणी म्हणेल, ६४ किलोबाइटमध्ये आणखी काय मावणार? मान्य. म्हणून मी होरींना दोष देत नाही. पण पुढे जागा हजारो पटींनी वाढली, तरी कित्येक खेळांत झाडी म्हणजे शत्रू मारून ताकद कमावायची जागाच राहिली. अडचणीतून निघालेली युक्ती पुढे सवय झाली. माझ्या मते या खेळाचा खरा वारसा हाच, आणि तोच तपासायला हवा.

पर्लकोटेला पूर आला की पूल पाण्याखाली जाऊन भामरागडचा संपर्क वर्षानुवर्षं तुटत आला आहे. तिथून पाहिलं तर पूल म्हणजे दवाखाना, बाजार, कॉलेज. त्या काठावरून सुरू होणारा खेळ मला खेळायचा आहे.