बरोबरीच्या चिन्हाचा ‘अर्थ’

शहादा तालुक्यांतील ब्राह्मणपुरी येथें गेल्या दिवाळींत आम्ही एका स्नेह्यांच्या घरीं उतरलों असतां त्यांच्या नववींतील मुलानें एक तक्रार आमच्यापुढें मांडिली. संगणकाच्या धड्यांत ‘क = क + १’ अशी ओळ होती. बीजगणिताच्या तासास त्यानें हीच ओळ लिहिली असती तर ती अशक्य म्हणून खोडिली गेली असती. कारण दोहों बाजूंचा क काढून टाकिला कीं शून्य बरोबर एक असें उरतें. येथें मात्र ती शुद्ध! “काका, खोटें कोण बोलतें, गणित कीं यंत्र?” असें त्यानें विचारिलें. संगणकांत असेंच चालतें, एवढेंच उत्तर त्यास पूर्वीं मिळालें होतें, आणि आपणांसच कांहीं कळत नाहीं अशी त्याची समजूत होऊं लागली होती. हुशार मुलाचा गणितावरील विश्वास अशा एका ओळीनें उडावा हें आम्हांस बरें वाटलें नाहीं; म्हणून ह्या चिन्हाची थोडी झडती घेत आहों.

दोष मुलाचा नाहीं, यंत्राचाही नाहीं. तो चिन्हाचा आहे. मराठी व्याकरणांत क्रियापदाचे स्वार्थ, आज्ञार्थ, विध्यर्थ व संकेतार्थ असे चार अर्थ शिकवितात. ‘क सातइतका आहे’, ‘क सातइतका कर’, ‘क सातइतका असावा’, ‘क सातइतका असता तर’ हीं चार निरनिराळीं बोलणीं होत, व त्यांपैकीं कोणतें चाललें आहे हें क्रियापदाच्या रूपावरून कळतें. चिन्हांत क्रियापदच गडप होतें. शाळेंत ‘=’ हें आपण ‘बरोबर’ असें वाचतों; त्यापुढें ‘आहे’ घ्यावयाचें कीं ‘कर’, ह्याविषयीं चिन्ह मुकें असतें. धड्यांतील ओळ आज्ञार्थाची होती: क ह्या नांवाच्या जागीं आतां जी संख्या आहे तींत एक मिळव आणि उत्तर त्याच जागीं ठेव. मुलानें ती स्वार्थांत वाचली, एवढाच काय तो घोटाळा.

हें चिन्ह नसतांही बीजगणित चालत होतें, आणि त्याचा दाखला ह्याच खानदेशाशीं जोडलेला आहे. चाळीसगांवाजवळील पाटण येथें भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठीं त्यांचा नातू चांगदेव ह्यानें मठ स्थापिल्याचा तेराव्या शतकाच्या आरंभींचा शिलालेख आहे. आचार्यांच्या ‘बीजगणितां’त एक उदाहरण असें: एकापाशीं तीनशें रुपये व सहा घोडे, दुसऱ्यापाशीं दहा घोडे, पण डोक्यावर शंभरांचें ऋण, घोडे सारख्या किमतीचे, दोघेही सारखेच धनवान, तर घोड्याचें मोल काय? ह्याची मांडणी वर ‘या ६ रू ३००’ आणि खालीं ‘या १० रू १००’ अशी होते; ऋण दाखविण्यास खालच्या शंभरावर टिंब देतात. ‘या’ म्हणजे यावत्तावत्, अर्थात् अव्यक्त. ‘रू’ म्हणजे रूप, अर्थात् व्यक्त संख्या. उत्तर शंभर. ह्या दोन ओळींमध्यें बरोबरीचें चिन्ह कोठेंच नाहीं. दोन पक्ष तुल्य साधावेत असें आचार्य सांगतात तें वाक्यांत, आणि तेंही विध्यर्थांत! ह्या मांडणींत सारें अर्वाचीन बीजगणित पाहणारे आमचे अभिमानी बंधु एक गोष्ट विसरतात. पाटीवरच्या त्या दोन ओळी बेरजेसाठींही तशाच मांडतां येतात. त्या कशासाठीं मांडल्या आहेत हें गुरुमुखावांचून कळावयाचें नाहीं. पण तिला नुसती अपुरी म्हणणारेही आम्हांस मान्य नाहींत. तिनें क्रियापद गिळलें नव्हतें; तें वाक्याच्या हवालीं केलें होतें.

युरोपांत रॉबर्ट रेकॉर्डनें १५५७ सालीं दोन समांतर रेघांचें चिन्ह छापिलें. त्यांहून अधिक सारख्या अशा दोन वस्तू त्यास सुचल्या नाहींत. चिन्ह सुटसुटीत खरें, परंतु त्या रेघांत ‘आहे’, ‘असावा’ आणि ‘असता तर’ हीं सारींच दडलीं. १८७९ सालीं फ्रेगे ह्या जर्मन तर्कवेत्त्यानें विधानाचा नुसता आशय आणि ‘असें आहे’ म्हणून त्याचें प्रतिपादन ह्यांत भेद करून प्रतिपादनासाठीं स्वतंत्र उभी रेघ योजिली. हा आमच्या मतें ह्या सर्व इतिहासांतील सर्वांत मार्मिक विचार होय. यंत्रभाषा करणारांनीं मात्र आरंभीं तो मनावर घेतला नाहीं. १९५७ सालच्या फोरट्रानमध्यें ‘=’ हें थेट आज्ञेस दिलें गेलें. अल्गॉल भाषेनें आज्ञेसाठीं विसर्गासारखीं दोन टिंबें जोडून ‘:=’ असें वेगळें चिन्ह घेतलें; परंतु १९७२ च्या सुमारास झालेल्या ‘सी’नें पुन्हां साधें चिन्ह आज्ञेस ठेविलें, आणि ‘सारखें आहे काय?’ ह्या प्रश्नास तें दोनदां लिहिण्याची रीत पाडिली. तेथें एक चिन्ह गळलें कीं प्रश्नाची आज्ञा होते, आणि यंत्र ती निमूटपणें पाळतें! मनुष्य वाचक असता तर संदर्भ पाहून थबकला असता.

आम्ही मुलास ती ओळ मराठींत लिहावयास सांगितली. ‘क मध्यें एक मिळवून क मध्येंच ठेव’ असें त्यानें लिहिलें, आणि मग पेन्सिल न ठेवतांच विचारिलें, “तर मग गणितांतल्या ‘क + ३ = ७’ मध्यें ‘आहे’ म्हणावयाचें कीं दुसरें कांहीं?” आम्हांस ‘असावा’ पटत होतें. तो जेवणाच्या पानावरही ‘असता तर’ सोडावयास तयार नव्हता.