सहा तारांचं सोवळं

आमच्या तरुणपणी गिटार हे वाद्य नव्हतं; ते लक्षण होतं. ज्याच्या हातात ते दिसे त्याच्या केसांची लांबी, पँटचा घेर आणि परीक्षेतले गुण यांचा अंदाज न बघता बांधता येई. त्यामुळे १९८८ साली अकरावीतल्या चिरंजीवांनी गिटार मागितली, तेव्हा मी एका वाक्यात निकाल दिला, ‘वाजवायचंच असेल तर घरात पेटी आहे.’ पेटी होती खरी. तिच्यावर इस्त्रीचे कपडे ठेवलेले असत.

या विषयावर लिहिण्याचा माझा अधिकार एवढाच. पण नियतीला विनोद कळतो. त्याच चिरंजीवांची कन्या हल्ली गिटार शिकते, तीही अभिजात. म्हणजे नायलॉनच्या तारा, नुसत्या बोटांनी वाजवायचं, आणि डावा पाय एका चिमुकल्या पाटावर. एका हाताची नखं वाढवायची आणि दुसऱ्या हाताची मुळापासून कापायची. आमची आई असती तर तिने दोन्ही हातांसाठी वेगवेगळी बोलणी काढून ठेवली असती.

एका संध्याकाळी ती काहीतरी वाजवत होती आणि मी सवयीने खिसा चाचपला. मला वाटलं, माझा जुना फोन वाजला.

‘आजोबा, हा तार्रेगा आहे!’

फ्रान्सिस्को तार्रेगा, १८५२ ते १९०९. नोकियाच्या फोनवर १९९४ पासून वाजू लागलेली ती धून त्याच्या ‘ग्रान वाल्स’ या १९०२ च्या रचनेतली. अवघ्या चार मात्रागटांची. मंगलाष्टकांच्या मध्यावर, नाटकात नेमकी हुंदक्याच्या क्षणी, शोकसभेत दोन मिनिटं शांत उभं राहिल्यावर आपण सगळे हे स्पॅनिश संगीत ऐकत होतो आणि ‘अहो, बंद करा तो!’ म्हणून डाफरत होतो. इतक्या लोकांच्या खिशात शिरलेला आणि इतक्या शिव्या खाल्लेला दुसरा संगीतकार नसेल.

मग कानात बोंडं घालून मी रोज रात्री ऐकायला लागलो. तार्रेगाची खरी कीर्ती ‘रेकुएर्दोस दे ला अल्हाम्ब्रा’ची, म्हणजे ग्रानाडाच्या अल्हाम्ब्रा राजवाड्याच्या आठवणी. अंगठा खाली सावकाश चाल धरतो आणि वर तीन बोटं एकामागून एक त्याच तारेवर इतक्या झपाट्याने पडतात की तुटक स्वरांची एक सलग थरथरती रेघ होते. सतारीला मींड आहे, व्हायोलिनला गज आहे. गिटारचा स्वर बिचारा छेडला की विझायला लागतो. न विझल्याचा हा भास आहे. पहिल्यांदा ऐकताना वाटतं, दोघेजण वाजवताहेत. रचना मध्यावर उदास स्वरावलीतून उजळ स्वरावलीत शिरते तेव्हा तर पडदा सरकून ऊन आत आल्यासारखं होतं. तरी माझं मत विचाराल तर हे कारंजं फार सुंदर आहे, आणि बाराव्या वेळी ते कुणीतरी बंद करावं असं वाटतं. कारंज्याला दुःख नसतं.

अल्बेनिथचं ‘आस्तुरियास’ हे गिटारचं राष्ट्रगीतच म्हणा ना, आणि ते मुळात पियानोसाठी लिहिलेलं! वर नाव उत्तरेकडच्या प्रांताचं आणि नखरा सगळा दक्षिणेचा. हे नावसुद्धा संगीतकार गेल्यावर प्रकाशकाने चिकटवलं. एखादी कोल्हापुरी लावणी ‘कोकण’ या शीर्षकाखाली विकावी तसं. आणि रोद्रिगो? तिसऱ्या वर्षापासून आंधळा, स्वतः पियानो वाजवणारा. गिटार त्याला वाजवता येत नव्हती. त्याने १९३९ साली ‘आरान्हुएथ’ची कॉन्चेर्तो रचली. तिचा मधला संथ भाग ऐकताना मी दिवा मालवतो. वाद्य न येणाऱ्यांनाही त्यातलं काही कळू शकतं, हा धीर मला रोद्रिगोने दिला.

पण मला खरा अडवला तो दोन माणसांनी. पहिले आन्द्रेस सेगोविया (१८९३–१९८७). गिटारला गुत्त्यातून आणि फ्लॅमेंकोच्या गोंगाटातून सोडवून मैफलीच्या गादीवर बसवणं हे त्यांनी आपलं जीवितकार्य ठरवलं आणि पारही पाडलं. मोठा माणूस. जरा आपल्या बुवांसारखा. मेक्सिकोच्या पोन्सेने लिहिलेली नवी कोरी रचना त्यांनी बाखच्या काळातल्या वाइसच्या नावावर बिनदिक्कत खपवली होती. जुनी चीज म्हटली की श्रोते सरसावून बसतात, हे स्पेनातही ठाऊक होतं!

दुसरा आगुस्तीन बॅरिओस, पराग्वायचा (१८८५–१९४४). हा धातूच्या तारा लावी. शुद्धतावाद्यांच्या लेखी तिथेच सोवळं मोडलं. पुढे तो आदिवासी राजाचा वेष करून, डोक्याला पिसं लावून, आपलंच नाव उलटं करून ‘नित्सुगा मान्गोरे’ म्हणून मैफली करू लागला. पिसं लावलेल्या माणसाला गंभीरपणे कोण घेणार? मीही घेतला नसता. १९२१ साली ब्युनॉस आयर्समध्ये या दोघांची भेट झाली. ‘ला कातेद्राल’सारखी रचना करणारा हा माणूस सेगोवियांना परका नव्हता. तरी सेगोवियांच्या ध्वनिमुद्रिकांच्या ढिगात बॅरिओस शोधून पाहा. मी शोधला. मग १९७७ साली जॉन विल्यम्सने आख्खी तबकडी बॅरिओसची काढली आणि जगाने कान टवकारले. हा विल्यम्स सेगोवियांच्याच हाताखाली शिकलेला, हे विशेष.

बॅरिओसची अखेरची रचना, १९४४ ची: ‘देवाच्या नावाने एक भिक्षा’ असं तिचं नाव. तंत्र तेच तार्रेगाचं, तीन बोटांची थरथर. पण खाली अंगठा सारखा दोन ठोके देतो. दारावर कुणीतरी टकटक करतंय. एक म्हातारी भिक्षा मागायला आली होती, तिची ती टकटक, असं सांगतात. वरची चाल कुठेही जाते, हळवी होते, विसरल्यासारखं करते. ठोके हटत नाहीत. ती हात जोडत नाही की रडत नाही. फक्त दाराशी उभी आहे. माधुकरी मागायला आलेल्या मुलांचा तो पायरीवरचा अबोल थांबा ज्यांना आठवतो, त्यांना मी आणखी काय सांगू? तार्रेगाने त्या बोटांनी राजवाडा बांधला. बॅरिओसने त्याच बोटांनी दार वाजवलं. ज्यांना दोन्ही सारखेच वाटतात त्यांच्याशी मी वाद घालत नाही, चहाही देत नाही.

परवा नातीला म्हटलं, ‘ती भिक्षेची वाजव की.’

‘आजोबा, त्याला अजून पाच वर्षं आहेत.’

चिरंजीव स्वयंपाकघराच्या दारात हात पुसत उभे होते. पन्नाशी ओलांडलेले, टक्कल पडलेले. म्हणाले, ‘त्या वेळी साडेतीनशेला मिळत होती, बाबा.’

मी म्हटलं, ‘पेटी होती की घरात.’

तो हसला नाही. नातीने तार्रेगाची ‘लाग्रिमा’ काढली. लाग्रिमा म्हणजे अश्रू. नवशिक्यांना ती देतात. एका जागी तिचं बोट दर वेळी अडतं. तिथे अडलं. तो तिच्या मागे जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, ‘परत.’