वेताळ आणि येसकर

‘चांदोबा’ मराठीत १९५२ साली आला आणि त्यातला विक्रम-वेताळ घरोघर पोचला. शंकर यांचे चित्र आठवा: हाती तलवार, खांद्यावर प्रेत, भोवती स्मशान. ही कथा मी टाकाऊ म्हणणार नाही. उत्तर ठाऊक असून गप्प बसावे तर डोके फुटेल, बोलावे तर प्रेत पुन्हा झाडावर! मुलांना विचार करायला लावणारी अशी भूतकथा विरळाच.

पण त्या स्मशानात राबणारा माणूसच नाही, हे मला खटकते. आपल्या गावांत सरणाची लाकडे कोणी वाहिली? अपरात्री मयताची खबर घेऊन परगावी कोण गेला? १९५८ च्या कायद्याने वतन संपेपर्यंत ही कामे महाराच्या माथी होती. राजाने प्रेत उचलले की शौर्य, याने ढोर ओढले की विटाळ! हरिश्चंद्राच्या कथेत काशीचा डोंब निदान दिसतो. तोही राजाचे सत्त्व उजळण्यापुरता.

भुतांनाही जात आहेच. मुंजा म्हणजे मुंज होऊन, सोडमुंजीआधी मेलेला पोर. मेल्यावरही जानवे सुटत नाही.

आमच्या मुलांना भीतीची मजा हवीच. ती हिरावणारा मी कोण? मला हवी आहे येसकराच्या पोराची गोष्ट. बाप तापाने फणफणला आहे, मयताची खबर आजच पोचवायची आहे, हाती बापाची घुंगरकाठी, वाटेत पिंपळ. वेताळाने कोडे घालावे ते त्याला.