परका उच्चार आणि लहान कारकीर्द

आता एलिना लोवेनसोनकडे वळू. जन्म बुखारेस्टचा, किशोरवयात ती अमेरिकेत आली. १९९४ साली टीव्हीवरच्या ‘साइनफेल्ड’मध्ये तिला काय मिळालं? रुमानियन जिम्नॅस्टची भूमिका. म्हणजे आधी देश, मग माणूस.

हॅल हार्टलीच्या ‘सिंपल मेन’मध्येही (१९९२) ती रुमानियनच आहे. मग फरक कुठे पडतो? हार्टलीची सगळीच पात्रं सपाट, पाठ म्हटल्यासारखी बोलतात. जिथे इंग्रजी कुणाच्याच घरची वाटत नाही, तिथे तिचा उच्चार वेगळा काढून दाखवणार कसा? परकेपणा तिच्या एकटीचा उरत नाही, हे आम्हाला महत्त्वाचं वाटतं.

मायकेल अल्मेरेडाच्या ‘नाद्या’त (१९९४) ती ड्रॅक्युलाची मुलगी. पूर्व युरोपातली बाई म्हणजे पुन्हा पिशाच्चच का, ही आमची तक्रार आहेच. पण खेळण्यातल्या पिक्सेलव्हिजन कॅमेऱ्यानं टिपलेल्या धूसर दृश्यांत न्यूयॉर्कच अनोळखी होतं, ती नव्हे.

पुढे ती फ्रेंच सिनेमात रमली. तिची अमेरिकी कारकीर्द लहान खरी, पण ते माप तिकीटबारीचं. ‘तू मूळची कुठली?’ या प्रश्नापलीकडे माणूस दिसतो का, हे आमचं माप. त्या मापानं हार्टलीचे सिनेमे पुन्हा पाहावेत, एवढंच सांगतो.